दोन सदर, दोन शिक्के

उर्दू शाळेत कुणाला नोकरी लागली की मोहल्ल्यात विचारला जाणारा पहिला प्रश्न पगाराचा नसतो आणि विषयाचाही नसतो. "कौनसे ग्रुप से लगे?" असे विचारतात. विचारणाऱ्याच्या मनात खोट नसते. नेमणूक शाळेत होते हे त्याला ठाऊक असते. पण ती कुणाच्या तरी मेहेरबानीने होते हे त्याला अधिक पक्के ठाऊक असते. लग्नाच्या जेवणात, मय्यतीच्या गर्दीत, किराणा दुकानाच्या पायरीवर आम्ही या प्रश्नाला तोंड देत आलो आहोत. "शाळेकडून लागलो" असे सांगितले की लोक हसतात. शाळा कुणाला नेमते होय? नेमतात ते सदरसाहेब, नाहीतर सेक्रेटरीसाहेब.

आम्ही म्हणजे तिघे. एक गणिताच्या बाजी, एक उर्दूचे सर आणि तिसरे हे लिहिणारे, भूगोलाचे. तिघेही बी.एड., तिघेही नववी-दहावीला शिकवणारे, मराठवाड्यातल्या एका तालुक्याच्या गावी. गावाचे नाव सांगत नाही. सांगून फारसा फरकही पडणार नाही, कारण ज्या तालुक्यात उर्दू हायस्कूल आहे त्या तालुक्यात ही कहाणी थोड्याफार फरकाने ऐकायला मिळते. मराठी शाळांतही मिळते. फक्त आमच्याकडे संस्थाचालक हे आमचे चाचा, खालू, फुफा असतात, म्हणून भांडण लवकर घरात शिरते.

जून २०१४ मध्ये आम्ही रुजू झालो. रीतसर जाहिरात निघाली होती, एका मराठी आणि एका उर्दू दैनिकात. मुलाखती झाल्या, गुणतक्ते तपासले गेले, ठराव झाला, हाती नेमणूकपत्र पडले. त्यावर जावक क्रमांक होता, तारीख होती, सदरसाहेबांची सही होती आणि जांभळ्या शाईचा गोल शिक्का होता. घरी अम्मांनी तो कागद दोन्ही हातांनी धरून पाहिला. उर्दूत त्याला तकर्रुरनामा म्हणतात. शिक्षण सेवक म्हणून तीन वर्षे, महिना आठ हजार रुपये, आणि मग वेतनश्रेणी. (ही रक्कम २०२३ साली अठरा हजार झाली. आमच्या वेळी आठ हजार होती, आणि तीही कागदावर.)

जाहिरातीत एक गोष्ट नव्हती, आणि ती असणारही कुठून? त्याच वर्षीच्या मार्चमध्ये संस्थेच्या दोन निवडणुका झाल्या होत्या. सदरसाहेब आणि सेक्रेटरीसाहेब नात्याने साढू. शाळेच्या रस्त्याकडच्या भिंतीला लागून सात गाळे बांधायचे ठरले होते आणि ते गाळे कुणी कुणाला द्यायचे यावरून दोघांचे बिनसले. एका रविवारी एक सर्वसाधारण सभा शाळेच्या हॉलमध्ये भरली, दुसरी शादीखान्यात. दोन्हीकडे बिर्याणी झाली. दोन्हीकडे अकरा-अकरा सभासद बिनविरोध निवडून आले. आणि दोघांनीही आपापला बदल अर्ज धर्मादाय कार्यालयात दाखल केला.

हे बदल अर्जाचे प्रकरण पगाराशी कसे येऊन भिडते ते आम्हाला बी.एड.ला कुणी शिकवले नव्हते, म्हणून थोडे सांगतो. आपल्याकडे शिक्षणसंस्था दोनदा जन्माला येते. एकदा १८६० च्या संस्था नोंदणी कायद्याखाली आणि दुसऱ्यांदा १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याखाली. दुसऱ्या कायद्याच्या नोंदवहीत, जिला सगळे 'अनुसूची एक' म्हणतात, विश्वस्तांची नावे असतात. त्यात बदल झाला की कलम २२ प्रमाणे नव्वद दिवसांत कळवायचे. भांडण नसेल तर नोंद होऊन जाते. भांडण असेल तर साक्षी, उलटतपासण्या, मग सहायक धर्मादाय आयुक्तांचा निकाल, त्यावर वरच्या धर्मादाय अधिकाऱ्यांकडे अपील, मग जिल्हा न्यायालय, मग उच्च न्यायालय. कार्यकारिणीची मुदत पाच वर्षांची आणि ती कार्यकारिणी खरी की खोटी हे ठरायला लागतात दहा. तोपर्यंत अनुसूचीवर जुनीच नावे राहतात. आमच्या संस्थेच्या अनुसूचीवरच्या अकरा नावांपैकी चार मरहूम होते. सरकारी कागदाच्या हिशेबाने आमची शाळा चालवणाऱ्यांतले चौघे कब्रस्तानात होते.

शिक्षण खाते मात्र या अनुसूचीकडे बोट दाखवून मोकळे होते. अनुदानित शाळेत नुसते नेमणूकपत्र चालत नाही, शिक्षणाधिकाऱ्यांची वैयक्तिक मान्यता लागते. ती आली तर नाव पगारबिलात चढते, वेतन पथकातून पगार निघतो. आमचे प्रस्ताव सप्टेंबर २०१४ मध्ये परत आले. वर दोन ओळी होत्या: संस्थेच्या कार्यकारिणीबाबत वाद प्रलंबित असल्याने प्रस्ताव त्रुटीत काढण्यात येत आहे. आमच्या पदवीत त्रुटी नव्हती, जाहिरातीत नव्हती, रिक्त पदात नव्हती. साढूभावांच्या नात्यातली त्रुटी आमच्या फाइलला चिकटली.

गंमत अशी की त्याच ऑक्टोबरमध्ये विधानसभेच्या निवडणुकीचे कामाचे आदेश आम्हा तिघांच्या नावाने आले. मतदान केंद्रावर रात्रभर मुक्काम, गैरहजर राहिल्यास कारवाई. शिक्षण खात्याला आम्ही शिक्षक नव्हतो, निवडणूक शाखेला होतो. आम्ही गेलो. त्या दोन दिवसांचा भत्ता मिळाला. या नोकरीने आम्हाला दिलेले ते पहिले पैसे.

पुढच्या वर्षी सेक्रेटरीसाहेबांच्या गटाने त्याच तीन जागांवर आपले तिघे नेमले. आता शाळेत दोन प्रभारी मुख्याध्यापक झाले. एक कार्यालयात बसत, दुसरे प्रयोगशाळेत. दोन शिक्के, दोन आवक-जावक रजिस्टरे, दोन हजेरीपट. सकाळी येऊन आम्ही कार्यालयातल्या मस्टरवर सही करायचो, ते तिघे प्रयोगशाळेतल्या. वर्गाची हजेरी मात्र एकच होती, कारण मुले एकच होती. नववी 'अ'ला भूगोलाचे दोन शिक्षक. वेळापत्रक कुणीच बदलायला तयार नाही, म्हणून आम्ही दोघांनीच आपसात ठरवले: सोमवार, बुधवार तुमचे, मंगळवार, गुरुवार आमचे. मान्सून त्यांनी शिकवला, नकाशावाचन आम्ही. एक पोरगा भाबडेपणाने विचारायचा, "सर, आज कौनसे ग्रुप का भूगोल है?" आम्ही रागावलो नाही. त्याने चुकीचे काय विचारले?

त्या दुसऱ्या भूगोलाच्या सरांविषयी आमच्या मनात कधी वैर नव्हते. मधल्या सुट्टीत डबा एकत्र खायचो. त्यांनी नेमणुकीच्या वेळी 'बिल्डिंग फंड' दिला होता. किती, ते त्यांनी सांगितले नाही आणि आम्ही विचारले नाही. एवढे कळले की वडिलांच्या नावावरची जमीन त्यासाठी गेली. आम्ही दिला नव्हता. ही आमची मोठी लायकी होती असे कुणी समजू नये. आमच्याकडे विकायला जमीनच नव्हती.

जून २०१६ मध्ये पोलिसांच्या देखत कार्यालयाचा ताबा बदलला आणि फाटकावर आम्हाला तोंडी सांगण्यात आले, कल से मत आना. कागद नाही, कारण नाही. खासगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्रात १९७७ चा कायदा आहे आणि त्याखालचे १९८१ चे नियम आहेत. त्यापूर्वी शिक्षकाला एप्रिलमध्ये काढून जूनमध्ये परत घ्यायची चाल होती, म्हणजे उन्हाळ्याचा पगार वाचतो, असे आमचे जुने मुदर्रिस सांगत. या कायद्याने ते बंद केले. कायदा आणि नियम सोडून कुणालाही निलंबित करता येत नाही, काढता येत नाही, पायरी खाली उतरवता येत नाही. काढले तर कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरणात तीस दिवसांच्या आत अपील करता येते. तोंडी काढले म्हणून काढणे काही वेगळे होत नाही.

आणि राजीनाम्याचे कलम तर आम्हाला फार आवडते. कलम ७. राजीनामा दोन प्रतींत लिहायचा, दोन्हींवर सही आणि तारीख घालायची, एक प्रत रजिस्टर पोस्टाने व्यवस्थापनाला पाठवायची आणि एक आपल्याजवळ ठेवायची. पहिल्यांदा वाचताना हा नुसता कारकुनी तपशील वाटतो. पण ज्याने रुजू होताना कोऱ्या कागदावर सही करून दिली आहे, त्याला विचारा. सेक्रेटरीच्या कपाटातून निघालेला राजीनामा पोस्टातून आलेला नसतो. कायदा लिहिणाऱ्याला आमची कपाटे ठाऊक होती, असेच म्हणावे लागते.

आम्ही अपील करणार म्हटल्यावर गावात जे झाले ते न्यायालयापेक्षा जड गेले. जुम्याच्या नमाजीनंतर बुजुर्ग थांबवून समजावू लागले. घर की बात घर में रखो. अदालतीत गेल्याने कौमची बदनामी होते. एकाने तर सांगितले, "बेटा, अपनी मायनॉरिटी शाळा है, अपने पे ये कानून लागूच नहीं होता." हे वाक्य आम्ही पुढे इतक्या शाळांतल्या इतक्या लोकांकडून ऐकले आहे की त्यावर थोडे थांबायलाच हवे.

घटनेच्या तिसाव्या कलमाने अल्पसंख्याकांना आपल्या पसंतीच्या शिक्षणसंस्था स्थापायचा आणि चालवायचा हक्क दिला आहे, हे खरे. तो हक्क आम्हालाही प्यारा आहे; तो नसता तर आमच्या गावात दहावीपर्यंत उर्दू शाळा राहिली असती की नाही, शंका आहे. पण १९७७ च्या कायद्याने अल्पसंख्याक शाळांना दिलेली सूट केवढी आहे? कलम ३ च्या पोटकलमात ती लिहिलेली आहे. मुख्याध्यापक आणि आणखी जास्तीत जास्त तीन व्यक्ती, त्याही ज्यांची नावे व्यवस्थापनाने त्यासाठी खात्याला कळवली आहेत अशा. आणि सूट कशापुरती? भरतीपुरती. बाकी साऱ्या शिक्षकांना कायदा जसाच्या तसा लागू आहे.

मुख्याध्यापक निवडायचे स्वातंत्र्य सर्वोच्च न्यायालयानेही मानले आहे. केरळातल्या एका मुस्लिम हायस्कुलाच्या प्रकरणात, १९९८ साली, अल्पसंख्याक संस्था सेवाज्येष्ठता बाजूला ठेवून पात्र माणूस मुख्याध्यापक म्हणून निवडू शकते असा निकाल झाला. आमचे संस्थाचालक हा निकाल तोंडपाठ सांगतात. पण त्याच न्यायालयाने केरळच्याच शिक्षण विधेयकाच्या वेळी, १९५८ साली, कारभार चालवण्याच्या हक्कात कारभार बिघडवण्याचा हक्क येत नाही असे सांगितले होते, ते कुणी सांगत नाही. १९८६ साली दिल्लीच्या फ्रँक अँथनी शाळेच्या प्रकरणात विनाअनुदानित अल्पसंख्याक शाळेच्या शिक्षकांनाही वेतन आणि सेवाशर्तींचे संरक्षण मिळाले, तेही नाही. २००२ च्या टी. एम. ए. पै खटल्याचे नाव प्रत्येक सभेत घेतले जाते. त्यात शिक्षकांच्या तक्रारींसाठी जिल्हा पातळीवर न्यायाधिकरणे असावीत असे म्हटले आहे, हा भाग सभेत वाचला जात नाही. हक्क कौमचा आहे. कौममध्ये गणिताच्या बाजीही येतात आणि नववी 'अ'ही येते, एवढेच आमचे म्हणणे होते. मस्जिदीच्या पायऱ्यांवर ते फार कुणाला पटले नाही.

आमचे मराठी इथेच पक्के झाले. उर्दू शाळेत शिकलेल्या माणसाचे मराठी बाजारापुरते असते, फार तर परीक्षेपुरते. शासन निर्णय वाचायला बसलो तेव्हा पहिल्या ओळीत अडलो आणि दुसऱ्या ओळीत ओळखीची माणसे भेटली. अर्ज, मुदत, दाखला, तारीख, जबाब, दावा, वकील, हजेरी: हे सगळे आमच्याच घरातून गेलेले. काही तिकडे जाऊन बदलले होते. उर्दूत तकरार म्हणजे भांडण, इकडे तक्रार म्हणजे गाऱ्हाणे. उर्दूत सबब म्हणजे कारण. सरकारी मराठीत 'सबब' आले की समजायचे, आता प्रस्ताव फेटाळला जाणार. आणि रुजू हा शब्द तर आमच्यासाठीच जपून ठेवला असावा. मराठीत शिक्षक रुजू होतो म्हणजे कामावर हजर होतो. उर्दूत रुजू म्हणजे परत वळणे. उर्दूचे सर म्हणाले, आपल्या नशिबात दोन्ही अर्थ लिहिलेले दिसतात.

न्यायाधिकरणातले पहिलेच विधान आमच्या छातीत धडकी भरवणारे होते. समोरचे वकील म्हणाले, यांना मान्यताच नाही, मग हे शिक्षक कसले? या प्रश्नाचे उत्तर मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्ण पीठाने सेंट उलाई हायस्कूलच्या प्रकरणात दिलेले आहे. २००७ च्या निकालपत्रिकांत ते छापलेले सापडते. शिक्षणाधिकाऱ्यांची मान्यता हा खाते आणि संस्था यांच्यातला, अनुदानाचा मामला आहे. मान्यता नाही एवढ्यावरून नेमणूक बेकायदा ठरत नाही आणि नोकरीही जात नाही. आम्ही तो निकाल वकिलांकडून झेरॉक्स करून आणला आणि रात्री शब्दकोश घेऊन वाचला. पण तो निकाल वाटेल त्याला कुशीत घेत नाही. नेमणूक कलम ५ आणि नियमांप्रमाणे झाली होती का, हे न्यायाधिकरणाने आधी तपासावे असेही त्यात आहे. म्हणजे जागा खरोखर रिक्त होती का, जाहिरात होती का, पात्रता होती का, नियमांतल्या नमुन्याप्रमाणे आदेश दिला होता का आणि तो मिळाल्याची पोच होती का.

ज्या कार्यकारिणीने आम्हाला नेमले तीच मुळात खोटी, हा दुसरा हल्ला. इथे आमच्या वकिलांनी एक अनपेक्षित निकाल पुढे केला. आंध्र प्रदेशात काही सत्र न्यायाधीशांच्या नेमणुका रद्द झाल्या होत्या. मग त्यांनी दिलेल्या शिक्षाही रद्द का, असा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढे आला. १९८१ साली न्यायालयाने सांगितले की जो माणूस अधिकाराच्या रंगाने खुर्चीवर बसून काम करत होता, त्याची खुर्ची पुढे गेली तरी त्याने केलेली कामे टिकतात. नाहीतर लोकांनी जायचे कुठे? तो निकाल न्यायाधीशांचा आहे, शाळेच्या सदरांचा नाही. समोरच्यांनी तसे म्हटलेही. पण युक्तिवाद सरळ होता. जून २०१४ मध्ये संस्थेचे दप्तर, शिक्का, किल्ल्या, बँकेची सही कुणाकडे होती? ज्यांच्याकडे होती त्यांनी नेमले. उमेदवाराने अर्ज करण्याआधी धर्मादाय कार्यालयात जाऊन कोणता साढू खरा याची चौकशी करावी, अशी अट कुठल्या नियमात आहे?

२०१८ साली न्यायाधिकरणाने आम्हाला मागील पगारासह पुन्हा कामावर घेण्याचा आदेश दिला. पगाराच्या बाबतीत २०१३ चा सर्वोच्च न्यायालयाचा एक निकाल कामी आला. तो महाराष्ट्रातल्याच एका शिक्षिकेच्या लढ्यातून निघालेला आहे: बेकायदा काढले असेल तर परत घेताना पूर्ण मागील वेतन देणे हा साधारण नियम, न देणे हा अपवाद. मग मान्यतेसाठी खंडपीठात वेगळी याचिका करावी लागली, कारण शिक्षणाधिकाऱ्यांनी मान्यता नाकारणे हा न्यायाधिकरणाच्या कक्षेतला विषय नाही. खंडपीठाने बदल अर्जाची वाट न पाहता प्रस्ताव गुणवत्तेवर निकाली काढायला सांगितले. जानेवारी २०२० मध्ये मान्यता आली. मग कोरोना आला, शाळा बंद झाल्या. शालार्थ प्रणालीत आमचे नाव चढून पहिला पगार बँकेत पडला तो २०२१ मध्ये. रुजू झाल्यापासून सातव्या वर्षी.

मधली वर्षे कशी काढली ते फार सांगण्यासारखे नाही. बाजींनी शिकवण्या घेतल्या. उर्दूच्या सरांनी मोबाइल रिचार्जचे दुकान टाकले आणि रिकाम्या वेळी तिथे बसून निकाहनामे लिहून दिले. त्यांचा स्वतःचा ठरलेला निकाह २०१५ मध्ये मोडला. मुलीकडच्यांनी विचारले होते, नोकरी पक्की का? सरांनी खरे काय ते सांगितले.

त्याच काळात आम्ही पश्चिम बंगालच्या एका खटल्याच्या बातम्या कान लावून ऐकत होतो. तिथे सरकारी अनुदानावर चालणाऱ्या मदरशांत शिक्षक निवडायला २००८ च्या कायद्याने एक आयोग नेमला होता. कांथीच्या एका हाय मदरशाच्या व्यवस्थापन समितीने त्याला आव्हान दिले, की शिक्षक निवडणे हा आमचा तिसाव्या कलमाचा हक्क. कलकत्ता उच्च न्यायालयाने समितीचे म्हणणे मानले. आयोगाने शिफारस केलेले शिक्षक लटकले. दुसरीकडे समित्यांनी आपापल्या नेमणुका करायला सुरुवात केली. जानेवारी २०२० मध्ये, आमची मान्यता आली त्याच महिन्यात, सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवून आयोगाचा कायदा वैध ठरवला. निकालाच्या शेवटी मात्र एक गोष्ट केली. आयोगाने केलेल्या शिफारशी वैध ठरवल्याच, आणि उच्च न्यायालयाच्या निकालानंतर मधल्या काळात मदरशांनी काही नेमणुका केल्या असतील तर व्यापक हितासाठी त्याही वैध समजाव्यात असे सांगितले. पुढची निवड आयोगाची. वर कोण जिंकले आणि कोण हरले याचा हिशेब वेगळा, खाली वर्गात उभ्या असलेल्या माणसाचा वेगळा, हे निदान एका ठिकाणी तरी लिहून ठेवले गेले. आमच्या समाजात या निकालावर हक्क गेला, हक्क गेला अशी खूप चर्चा झाली. या शेवटच्या ओळींवर फारशी झाली नाही.

आम्ही त्या ओळी वाचताना आमच्या दुसऱ्या भूगोलाच्या सरांचा विचार करत होतो. कारण आमचा निकाल लागला तेव्हा त्या तिघांचे पाय उखडले. आमच्या अपिलात ते पक्षकार नव्हते. त्यांच्या नेमणुकीची जाहिरात निघाली नव्हती, आदेश साध्या लेटरहेडवर होता, जावक क्रमांक नव्हता. पद एक, माणसे दोन. आम्हाला कायद्याने पुन्हा बसवले त्याच खुर्चीतून ते उठले. २०१९ च्या दिवाळीनंतर ते आले नाहीत. सेक्रेटरीसाहेब त्यांच्या बाजूने न्यायाधिकरणात उभे राहिले नाहीत. जमीन मात्र परत आली नाही. ज्या गटाने तीन घरांना आशा विकली, त्याला त्या तिघांची गरज खटल्यापुरतीच होती, असे आमचे मत आहे. गावात ते बोलून दाखवल्यामुळे दोन घरांशी आमचे येणेजाणे बंद झाले आहे.

शाळेचे म्हणाल तर मार्च २०१४ च्या निवडणुकीचा बदल अर्ज अपिलात आहे. त्यानंतर २०१९ मध्ये आणि २०२४ मध्ये पुन्हा दोन-दोन सभा झाल्या, म्हणजे आता अर्ज सहा. सदरसाहेब अल्लाच्या घरी गेले, त्यांच्या जागी मुलगा आहे. अनुसूचीवरचे मरहूम पाच झाले. सात गाळ्यांपैकी चारांचे खांब उभे आहेत, वर गंजलेल्या सळया, आणि खाली बकऱ्या बसतात. खात्याने ज्येष्ठ शिक्षकाला सह्यांचे तात्पुरते अधिकार देऊन पगारबिल चालू ठेवले आहे. २०१४ ते २०१६ ची थकबाकी वेतन पथकात पडून आहे. २०१६ ते २०१८, म्हणजे आम्हाला फाटकाबाहेर ठेवले त्या दोन वर्षांचा पगार व्यवस्थापनाने द्यायचा, असा आदेश आहे. कोणत्या व्यवस्थापनाने? एक गट म्हणतो, आम्ही काढलेच नव्हते. दुसरा म्हणतो, आम्ही नेमलेच नव्हते. वसुलीचा अर्ज केला आहे, त्याची पुढची तारीख दिवाळीच्या सुट्टीनंतरची आहे.

नव्याने लागणारी मुले-मुली हल्ली सल्ला विचारायला येतात. जाहिरातीचे कात्रण तारखेसह ठेवा, मुलाखतीचे पत्र पाकिटासह ठेवा, आदेशावर जावक क्रमांक बघून घ्या, रुजू अहवालाची पोच त्याच दिवशी घ्या, रोजच्या मस्टरचा फोटो काढा आणि कोऱ्या कागदावर सही करू नका, असे आम्ही सांगतो. त्यांचे आईबाप शेजारी बसून ऐकतात आणि जाताना हळूच विचारतात, पण सध्या कोणता ग्रुप भारी आहे?

ते भूगोलाचे सर आता दुसऱ्या जिल्ह्यात एका ज्युनियर कॉलेजात तासिका तत्त्वावर आहेत. मागच्या महिन्यात त्यांचा फोन आला. बिल्डिंग फंडाची पावती त्यांनी जपून ठेवली आहे. तिच्या जोरावर पैसे परत मागता येतील का, असे विचारत होते. पावतीवर शिक्का कोणता आहे, एवढे पाहून फोटो पाठवायला आम्ही सांगितले. फोटो आला. तो आम्ही आमच्या वकिलांना पाठवला आहे.